पुराच्या नावेची कोरडी चाचणी

मे महिन्याचा अखेरचा आठवडा आहे. नदीकाठच्या एखाद्या तालुक्याच्या गावी, कचेरीच्या आवारातील गुदामाचे कुलूप उघडले गेले आहे, असे दृश्य वाचकाने क्षणभर डोळ्यांपुढे आणावे. पावसाळ्यापूर्वीची तयारी म्हणून गुंडाळून ठेवलेली रबरी नाव बाहेर काढली जाते. तिच्यात हवा भरतात, जीवरक्षक जाकिटे मोजतात. मग दोघेतिघे जण नावेचे इंजिन उचलून आणतात आणि लाकडी घोड्यावर अडकवतात. दोरीला पाचसात हिसके बसल्यावर इंजिन धडधडू लागते. जमलेल्यांच्या चेहऱ्यांवर समाधान पसरते. कोणी उत्साहाने वेग वाढवून पाहतो. आवाजाने आवार दणाणते. मिनिट-दोन मिनिटांनी इंजिन बंद होते, नोंदवहीत ‘इंजिन चालू स्थितीत आहे’ असा शेरा पडतो, त्याखाली सह्या होतात आणि गुदामाला पुन्हा कुलूप लागते.

या शेऱ्यातील एकही अक्षर खोटे नाही. इंजिन चालू झाले होते, ते सर्वांनी पाहिले व ऐकले होते. परंतु त्या दोन मिनिटांतच ते पुराच्या कामाला निरुपयोगी झाले असण्याचा संभव फार मोठा आहे. कारण ते कोरडे चालविले गेले. ज्या चाचणीने यंत्राविषयी खात्री करून घ्यावयाची, त्याच चाचणीने यंत्राचा घात करावा आणि तो घात कागदोपत्री ‘तयारी’ म्हणून नोंदला जावा, याहून मोठा विरोधाभास कोणता? असे प्रत्येक ठिकाणी घडते असे नव्हे. परंतु जेथे घडते तेथे त्याचा उलगडा ऑगस्टमधील एखाद्या रात्री, भर प्रवाहात होतो आणि त्या वेळी नावेत माणसे बसलेली असतात. म्हणून हा वरकरणी कारागिरांचा वाटणारा विषय सर्वांनीच समजून घेण्याजोगा आहे.

पाण्यावाचून न चालणारे यंत्र

नावेच्या मागील फळीला बाहेरून अडकवावयाच्या या यंत्राला ‘आउटबोर्ड’ असे म्हणतात. अमेरिकेतील मिलवॉकी शहरात ओल एव्हिनरूड या नॉर्वेत जन्मलेल्या कारागिराने १९०९ साली अशी इंजिने विकण्यास आरंभ केला आणि ती जगभर पसरली. त्यांची रचना सुटसुटीत आहे. वरच्या भागात, झाकणाखाली इंजिन असते. त्यातून एक उभा दांडा खाली जातो. तळाशी गिअर असतात आणि त्यांच्या योगे पंखा फिरतो. वल्ही मारणाऱ्या आठदहा माणसांना जे साधणार नाही, ते दोन माणसांना उचलता येणारे हे यंत्र साधते.

परंतु इंजिन म्हटले की उष्णता आली. पेट्रोल जळून जी उष्णता निर्माण होते तिचा फार तर चौथा ते तिसरा हिस्सा पंखा फिरविण्याच्या कामी येतो. उरलेली धुरावाटे आणि इंजिनाच्या धातूवाटे बाहेर काढून द्यावी लागते. मोटारसायकलचे इंजिन वाऱ्यावर निवते, कारण ते उघडे असते आणि त्याला पंखांसारख्या कडा असतात. मोटारीला पुढे रेडिएटर असतो. नावेच्या इंजिनाला यांपैकी काहीच नाही. ते झाकणात बंद असते. मात्र ज्या पाण्यावर नाव तरंगते, ते पाणीच त्याचे शीतकरण करते. शाळेत विज्ञान शिकविणाऱ्यांना याचे मर्म सांगावयास नको. एक किलो पाण्याचे तापमान एक अंशाने वाढविण्यास जेवढी उष्णता लागते, तिच्या सुमारे चौथा हिस्सा तेवढ्याच वजनाच्या हवेला पुरतो. त्यातही एक लिटर हवेचे वजन एक लिटर पाण्याच्या शेकडो पटींनी कमी. उष्णता वाहून नेण्याच्या कामी पाण्याची बरोबरी हवेला करता येत नाही ती यामुळे.

हे पाणी वर चढविण्यासाठी उभ्या दांड्यावरच, पंख्याच्या थोड्या वरच्या अंगाला, एक लहानसा पंप बसविलेला असतो. त्यात रबराचे एक चक्र असते. कारागीर त्याला इम्पेलर म्हणतात. तळहातावर मावेल एवढे ते चक्र, त्याला रबरी पाकळ्या. धातूच्या वाटीत ते मध्यापासून किंचित सरकवून बसविलेले असते. त्यामुळे फिरताना पाकळ्या एका बाजूस वाकतात, दुसऱ्या बाजूस सरळ होतात आणि या आकुंचन-प्रसरणाने पाणी खालच्या झरोक्यांतून ओढले जाऊन वर ढकलले जाते. ते सिलिंडरभोवतीच्या पोकळीतून खेळते आणि तापून धुराबरोबर बाहेर पडते. त्यातलाच थोडा अंश एका बारीक छिद्रातून बाजूला धारेच्या रूपाने उडतो. ही धार म्हणजे यंत्राची नाडी होय. नाडी चालू आहे की नाही, हे वैद्याने हाताने पाहावे, तसे चालकाने ही धार डोळ्यांनी पाहावयाची असते.

आता या पंपाची एक नाजूक बाजू आहे. वाटी आणि रबर यांच्यामध्ये जे पाणी असते, तेच वंगणाचे काम करते. पाणी नसेल तर रबर धातूवर कोरडे घासते. काही सेकंदांतच ते तापू लागते. पाकळ्यांची टोके झिजतात, कडक होतात, चिरतात आणि कधी तुटूनही जातात. तुटलेले तुकडे पाण्याच्या बारीक वाटांमध्ये अडकून बसले तर नवे चक्र बसवूनही पाणी चढत नाही. इंजिनाचा वरचा भाग मात्र दोन मिनिटे कोरडा चालला तरी धडधडतच राहतो. म्हणजे जखम होते खाली, झाकलेल्या जागी. आणि वरून यंत्र निरोगी दिसते. पुढे पाण्यात गेल्यावर अर्धवट तुटक्या पाकळ्यांनी पुरेसे पाणी चढत नाही, इंजिन तापते आणि प्रसंगी पिस्टन सिलिंडरमध्ये जखडून बसतो. अलीकडील अनेक इंजिनांत तापमान वाढताच भोंगा वाजून वेग आपोआप कमी होण्याची सोय असते. यंत्र वाचविण्यासाठी ती उत्तम आहे. परंतु प्रवाहाला छेदून पलीकडे जाणाऱ्या नावेचा वेग ऐन धारेत उतरणे म्हणजे काय, हे नदीकाठच्या माणसास सांगावयास नको.

पुराची आठवण

महाराष्ट्राला पूर नवे नाहीत. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटून पुण्यात झालेला हाहाकार जुन्या पिढीच्या स्मरणात आहे. २००५ च्या पावसाळ्यात मुंबई आणि कृष्णाकाठ या दोहोंनी पाण्याचा कहर पाहिला. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ, जेथे धोक्याची पातळी ४५ फूट मानली जाते, तेथे कृष्णा ५७ फुटांच्याही वर गेली. त्याच महापुरात ८ ऑगस्ट रोजी पलूस तालुक्यातील ब्रह्मनाळ येथे माणसांना बाहेर काढणारी नाव उलटली आणि स्त्रिया व लहान मुले यांसह अनेकांचे प्राण गेले. क्षमतेहून अधिक माणसे चढली होती, हे त्या वेळी पुढे आलेले ठळक कारण होते. शीतकरणाशी त्या दुर्घटनेचा संबंध जोडण्याचे प्रयोजन नाही. परंतु पुरातली नाव हीच शेवटची आशा असते आणि तिच्याविषयीची कोणतीही हयगय माणसांच्या जिवावर बेतते, एवढा धडा त्या दिवसाने कायमचा घालून दिला. पुढे २२ जुलै २०२१ रोजी वाशिष्ठीच्या पाण्याने चिपळूण बुडाले, तेव्हाही गच्च्यांवर अडकलेली माणसे नावेचीच वाट पाहत होती.

२००५ चा आपत्ती व्यवस्थापन कायदा झाला, त्यापाठोपाठ राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल उभे राहिले आणि त्याची एक तुकडी पुण्याजवळ असते. हे दल शिस्तीचे, सरावाचे आहे. परंतु रस्ते पाण्याखाली गेल्यावर ते गावोगाव पोहोचेपर्यंतचे जे तास असतात, ते गावाला आणि तालुक्याला आपल्याच नावेवर काढावे लागतात. त्या तासांची भिस्त गुदामातल्या यंत्रावर असते. वर्षातून एकदा, किंवा दोनचार वर्षांतून एकदा, परंतु तेव्हा पहिल्या हिसक्यात चालू झालेच पाहिजे, अशी अपेक्षा ज्या यंत्राकडून असते, ते यंत्र इतर यंत्रांहून अधिक निगुतीने सांभाळावयास हवे. अनुभव बहुधा याच्या उलट असतो.

कोळ्याचे इंजिन आणि कचेरीचे इंजिन

ऑगस्ट २०१८ मध्ये केरळ बुडाले, तेव्हा किनाऱ्यावरच्या मच्छीमारांनी आपल्या होड्या मालमोटारींवर चढवून आतल्या गावांत नेल्या आणि हजारो माणसांना बाहेर काढले. त्यांच्या धाडसाचे कौतुक देशभर झाले आणि ते योग्यच होते. परंतु त्या यशाचे एक कारण फारसे कोणी उच्चारले नाही. त्यांची इंजिने रोज चालणारी होती. कोणत्या इंजिनाला किती हिसके लागतात, कोणाची धार बारीक झाली आहे, कोणाचा इम्पेलर बदलावयास झाला आहे, हे त्या माणसांना पाठ होते. कारण त्यांचे पोटच त्या यंत्रावर चालते.

कोकणातही हेच दिसते. १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत यांत्रिक मासेमारी बंद असते. त्या आधी लहान होड्या वाळूवर ओढल्या जातात आणि इंजिने उतरवून घरात किंवा पडवीत येतात. खाऱ्या पाण्यात चाललेले इंजिन तसेच ठेवले तर आतल्या वाटांत मिठाचे खडे धरतात आणि ॲल्युमिनियमचा धातू खाल्ला जातो. म्हणून जाणता कोळी ते गोड्या पाण्यात चालवून आतून धुऊन काढतो. त्यासाठी पाण्याने भरलेले पिंप पुरते. जमिनीवर इंजिन चालविण्याची जी रीत येथे सांगावयाची आहे, ती अशा प्रकारे काही नवी विद्या नव्हे. कचेरीतील इंजिन आणि कोळ्याचे इंजिन यांच्यात यंत्र म्हणून फरक नाही. फरक आहे तो मालकीच्या भावनेत. कोळ्याचे इंजिन त्याचे असते. कचेरीचे इंजिन ‘साठा नोंदवही’चे असते.

जमिनीवरील चाचणीची रीत

ही रीत सोपी आहे, परंतु तिचा क्रम महत्त्वाचा आहे. प्रथम जागा. इंजिन उघड्यावर चालवावे, पत्र्याच्या शेडमध्ये किंवा गुदामाच्या दारात नव्हे. त्याच्या धुरात कार्बन मोनॉक्साइड असतो. त्याला रंग नाही, वास नाही आणि बंद जागेत तो माणसाला नकळत बेशुद्ध करतो व प्राणही घेतो. इंजिन मजबूत घोड्यावर, उभ्या स्थितीत, त्याचे दोन्ही स्क्रू घट्ट आवळून बसवावे आणि साखळीने बांधून ठेवावे. पंखा काढून ठेवावा, आणि तो काढताना स्पार्क प्लगच्या वायरी सुट्या कराव्यात, म्हणजे हाताच्या धक्क्याने इंजिन अकस्मात चालू व्हावयाचे नाही. गिअर न्यूट्रलमध्ये असावा. इंजिन तत्काळ बंद करणारी दोरी चालविणाऱ्याच्या मनगटाला बांधलेली असावी. झाकण काढले असेल तर वरचे जड चाक उघडे फिरत असते. तेव्हा उपरणे, ओढणी, पदर, सैल बाही यांना तेथे थारा नको. पेट्रोलची टाकी बाजूला असावी आणि विडी-काडी आवाराबाहेर.

यानंतर पाणी. सर्वांत बिनधोक उपाय पिंपाचा. दोनशे लिटरचे, वरून उघडे, भक्कम पिंप घ्यावे. पेट्रोलचे किंवा रसायनाचे जुने पिंप गॅसच्या ज्योतीने कापण्याचा मोह मात्र कोणी धरू नये, कारण आत राहिलेली वाफ स्फोट करते. पिंपात इंजिनाचा खालचा भाग बुडवावा आणि पंख्याच्या वर जी आडवी चपटी पट्टी असते तिच्याही वर चारसहा बोटे पाणी येईल इतके ते भरावे. पाणी ओढणारे झरोके या पट्टीखाली असतात आणि पंप तिच्या आसपास. पाणी तेथवर नसेल तर पिंप भरल्याचा देखावा होईल, काम होणार नाही. इंजिन चालू असता पाणी तापते, उडते आणि कमी होते, म्हणून वरून नळी सोडलेली असावी.

दुसरा उपाय रबरी वाट्यांचा. एका लवचीक पट्टीला जोडलेल्या दोन वाट्या इंजिनाच्या दोन्ही बाजूंच्या झरोक्यांवर घट्ट बसवितात आणि त्यांना बागेची नळी जोडतात. येथे एकच नियम कधीही मोडू नये: आधी नळ सोडावा, मग इंजिन चालू करावे, आधी इंजिन बंद करावे, मग नळ. वाटी घसरली किंवा नळाचा जोर गेला, तर त्या क्षणी इंजिन बंद व्हावयास हवे. यासाठी एक माणूस केवळ तेवढ्यावर लक्ष ठेवण्यास उभा असावा. काही इंजिनांना या दोन झरोक्यांखेरीज आणखीही झरोके असतात. तेथे वाट्यांऐवजी पिंपच बरे. काही नव्या इंजिनांना धुण्यासाठी नळीचे स्वतंत्र तोंड दिलेले असते. पण अनेकांत ते इंजिन बंद ठेवून आतून धुण्यापुरतेच असते, चालविण्यासाठी नव्हे. आपल्या इंजिनाचे कोणते, हे त्याच्या पुस्तिकेत असते. म्हणून पुस्तिका इंजिनाबरोबर राहावी, साहेबांच्या कपाटात नव्हे.

इंजिन चालू झाले की पहिले लक्ष आवाजाकडे नको, धारेकडे हवे. बाजूची धार लवकरच, फार तर मिनिटभरात सुरू झाली पाहिजे. न झाल्यास इंजिन ताबडतोब बंद करावे. धार नाही म्हणजे पंप गेलाच, असेही नव्हे. कित्येकदा त्या बारीक छिद्रात कुंभारीण माशीने मातीचे घर केलेले असते. ते बारीक तारेने मोकळे करावे आणि पुन्हा पाहावे. तरीही धार नसेल तर पंप उघडून इम्पेलर तपासण्यास पर्याय नाही. धार सुरू झाल्यावर इंजिन अगदी मंद गतीने दहापंधरा मिनिटे चालू द्यावे. वेग वाढविण्याचा उत्साह येथे घातक आहे. पंख्यावर पाण्याचा भार नसल्याने इंजिन भलत्याच वेगाने फिरते आणि तेवढ्या वेगाला लागणारे पाणी नळीतून मिळतही नाही. चाचणी संपविताना, कार्बुरेटरचे इंजिन असेल तर पेट्रोलची नळी काढून आतले पेट्रोल संपू द्यावे, अर्थात तोवर पाणी चालूच ठेवून. मग यंत्र उभेच ठेवून सर्व पाणी निथळू द्यावे.

पेट्रोलविषयी एक शब्द अधिक हवा. आज मिळणाऱ्या पेट्रोलमध्ये वीस टक्क्यांपर्यंत इथेनॉल मिसळलेले असते. ते हवेतील ओलावा शोषून घेते, आणि ओलावा फार झाला की इथेनॉल व पाणी तळाशी वेगळे बसते. गतवर्षीचे पेट्रोल टाकीत तसेच ठेवून यंदाच्या पुराला सामोरे जाणे म्हणजे विझलेल्या निखाऱ्यावर फुंकर घालणे होय. तसेच गिअरमधील तेल दुधासारखे पांढरट दिसू लागले, तर आत पाणी शिरले आहे हे ओळखावे.

आक्षेप आणि उत्तर

यावर काही आक्षेप येतील. मे महिन्यात पिण्याला पाणी नाही, तेथे इंजिनाला पिंपभर पाणी कोठून आणावयाचे? आक्षेप खोटा नाही. परंतु एका पिंपात एकामागून एक चारपाच इंजिने तपासता येतात, आणि हे पाणी पिण्याजोगे असण्याची आवश्यकता नाही. गाळ नसलेले असले म्हणजे झाले. तपासणीनंतर त्यावर तेलाचा तवंग येतो, म्हणून ते विहिरीजवळ किंवा ओढ्यात ओतू नये एवढीच काळजी हवी.

दुसरा आक्षेप असा की, खरी परीक्षा नदीतच होते, मग जमिनीवर हा खटाटोप कशाला? हेही अर्धे खरे आहे. जमिनीवर इंजिनाला भार नसतो, त्यामुळे त्याचे बळ तेथे कळत नाही. म्हणून पावसाळ्यापूर्वी निदान एकदा नाव धरणाच्या किंवा नदीच्या पाण्यात उतरवून, माणसे बसवून, पूर्ण वेगाने चालविलीच पाहिजे. परंतु दर महिन्याला नाव नदीवर नेणे कोणत्याही कचेरीला झेपणारे नाही, आणि इंजिन अकरा महिने निजवून ठेवणेही त्याला मानवत नाही. रबरी पाकळ्या एकाच वाकलेल्या स्थितीत वर्षानुवर्षे राहिल्या तर तशाच आखडून बसतात. म्हणजे कोरडे चालविणे जसे वाईट, तसे मुळीच न चालविणेही वाईट. महिन्यातून एकदा पिंपात पंधरा मिनिटे हा या दोन टोकांमधला शहाणा मार्ग आहे. इम्पेलर हा मुळात झिजण्यासाठीच घडविलेला सुटा भाग आहे. तो ठरावीक मुदतीत बदलावा आणि एक नवा नेहमी जवळ असावा. इंजिनाच्या किमतीपुढे त्याची किंमत नगण्य आहे.

तिसरा आक्षेप मनुष्यबळाचा. हे करावयाचे कोणी? याला उत्तर नावानिशी द्यावे लागेल. ‘संबंधितांनी’ हा शब्द आपल्या कारभारात फार सोयीचा झाला आहे. त्यात सगळे येतात आणि कोणीच सापडत नाही. प्रत्येक इंजिनामागे दोन माणसे नेमलेली असावीत. त्यांची बदली झाल्यास पुढच्या दोघांना इंजिन चालवून दाखविल्याखेरीज त्यांनी कार्यभार सोडू नये. तालुक्याच्या औद्योगिक प्रशिक्षण संस्थेत इंजिनाचे शिक्षण घेणारे विद्यार्थी असतात. त्यांच्या हाती महिन्यातून एकदा हे काम, शिक्षकाच्या देखरेखीखाली, सोपविता येईल. त्यात त्यांचेही शिक्षण आहे. पूरग्रस्त गावांत शाळेची इमारत हीच बहुधा छावणी होते आणि शिक्षक हाच तिचा व्यवस्थापक. त्या शाळेच्या मैदानात पावसाळ्याआधी ही चाचणी गावासमोर झाली तर मुलांना पाण्याच्या विशिष्ट उष्णतेचा धडा पुस्तकाबाहेर मिळेल आणि गावाला आपली नाव कशी आहे ते कळेल.

शेऱ्याचा रकाना

आणि शेवटी ती नोंदवही. कारकून मंडळींना पुष्कळदा विनाकारण दोष दिला जातो. परंतु त्यांच्या हातातील रकाना हे साधे साधन नव्हे. ज्या गोष्टीला रकाना असतो ती गोष्ट पाहिली जाते, ज्या गोष्टीला नसतो ती राहून जाते. आज ‘चालू’ किंवा ‘बंद’ एवढाच रकाना असेल तर तपासणी करणारा इंजिनाचा आवाज ऐकून थांबेल. त्या जागी चार रकाने असावेत: पाणी कशाने दिले, धार किती वेळात सुरू झाली, किती मिनिटे चालविले आणि इम्पेलर शेवटचा कधी बदलला. या चार रकान्यांना पैसा लागत नाही, शासननिर्णयाचीही वाट पाहावी लागत नाही. एखाद्या कारकुनाने उद्या पट्टी-पेन्सिल घेऊन ते आखले तरी पुरे.

पुरात नाव चालविणाऱ्यालाही हाच धडा लागू आहे. कृष्णाकाठी पूर उसाच्या फडांतून वाहतो. उसाचा पाला, गवत, प्लास्टिकच्या पिशव्या झरोक्यांवर बसून त्यांचा श्वास कोंडतात आणि गढूळ पाण्यातील वाळू पंपाला घासत राहते. चालकाने दर थोड्या वेळाने मान वळवून धार पाहावी. बारीक झाली तर सुरक्षित जागी थांबून इंजिन बंद करावे आणि मगच झरोके मोकळे करावेत. ही सवय ऐन पुरात लागत नाही. मे महिन्यात, पिंपाशी उभे राहून ज्याने ती धार चारदोन वेळा पाहिली आहे, त्यालाच ती लागलेली असते.

तहान लागल्यावर विहीर खणू नये, ही शिकवण आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. येथे तर विहीर खणलेली आहे, नाव घेतलेली आहे, इंजिनही आलेले आहे. उणे आहे ते पिंपभर पाणी, महिन्यातली पंधरा मिनिटे आणि नोंदवहीतील चार रेघा. पाऊस सुरू होण्यापूर्वी एवढे झाले, तर गच्चीवर उभे राहून अंधारात इंजिनाच्या आवाजाची वाट पाहणाऱ्या माणसाला तो आवाज ऐकू येईल आणि मध्येच थांबणार नाही.